जुनं जावा ॲप साध्या बटणांच्या फोनवर चालतं करायचं कसं

रावेर-सावद्याकडे केळीच्या कटाईवर, चोपड्याच्या जिनिंगच्या दारात, नंदुरबारला मिरचीच्या पथारीवर बटणांचा फोन अजून हटलेला नाही. धूळ खातो, घामाच्या हातानं दाबला जातो, मे महिन्याच्या उन्हातही त्याचा पडदा दिसतो. त्या फोनवर चालतील अशी हिशेबाची, मोजमापाची, नोंदवहीची जावा ॲप्स एके काळी भरपूर होती. आता त्यांच्या जार फाइली (अख्खं ॲप एकाच गठ्ठ्यात ठेवणाऱ्या फाइली) कुठल्या तरी जुन्या मेमरी कार्डात सापडतात. हाताशी असलेल्या फोनवर टाकल्या तर चढत नाहीत, चढल्या तर कोपऱ्यात चिमुकल्या दिसतात, नाहीतर अक्षरांच्या जागी चौकटी येतात.

हा लेख अशी एखादी फाइल हाती असलेल्यांसाठी आहे. एक गोष्ट आधीच सांगतो: ‘कन्व्हर्ट’ हा शब्द फसवा आहे. एका बाजूनं जार घातली आणि दुसऱ्या बाजूनं फोनला हवी तशी फाइल निघाली, असं यंत्र नाही. काम तीन पातळ्यांवर असतं. कधी मॅनिफेस्टमधल्या, म्हणजे जारच्या आतल्या माहितीच्या फाइलमधल्या, दोन ओळी बदलून भागतं, कधी चित्रं बदलावी लागतात, आणि कधी सोर्स कोड, म्हणजे ॲपचा मूळ लिहिलेला कोड, घेऊन पुन्हा बांधणी करावी लागते. आपली फाइल कोणत्या पातळीवर अडली आहे हे ओळखलं की अर्धं काम झालं.

समजायला सोपं जावं म्हणून एकच उदाहरण शेवटपर्यंत ठेवू. ‘केळी हिशेब’ नावाचं एक ॲप आहे असं धरा. १२८ × १२८ च्या पडद्यासाठी आणि एमआयडीपी १.० साठी (एमआयडीपी म्हणजे फोनवरच्या जावाचा ठरलेला साचा) लिहिलेलं. त्यात प्रकार निवडायचा (नवती, पिलबाग, कांदेबाग, वापसी), वजन आणि क्विंटलचा भाव टाकायचा, रक्कम बघायची आणि नोंद ठेवायची. ते आपल्याला २४० × ३२० च्या फोनवर न्यायचं आहे.

लिपीबद्दल एक सूचना. या लेखात फाइलींची आणि आज्ञांची नावं देवनागरीत लिहिली आहेत. प्रत्यक्ष फाइलमध्ये ती इंग्रजीतच टाइप करायची, आकडेही इंग्रजीच.

आधी जमवायचं सामान

- मूळ जार फाइल, आणि असेल तर तिची जॅड फाइल (जारची माहिती देणारी छोटी मजकूर फाइल). दोन्हींची एक प्रत वेगळ्या फोल्डरमध्ये, हात न लावता.
- सोर्स कोड मिळत असेल तर तोही. नसेल तर तुमचं काम पहिल्या दोन पातळ्यांपुरतंच राहील.
- संगणकावर सेव्हन-झिप आणि नोटपॅड प्लस प्लस. विंडोजचं साधं नोटपॅड नको, कारण खाली येईल.
- पुन्हा बांधणीसाठी जेडीके ८ (यात जावाचा कंपायलर असतो), सनचं वायरलेस टूलकिट २.५.२ (फोनच्या जावासाठीची साधनं) आणि प्रोगार्ड (क्लास फाइली आटोपशीर करणारं साधन).
- संगणकावर मायक्रोइम्युलेटर किंवा केइम्युलेटर, आणि अँड्रॉइड फोनवर जे२एमई लोडर. हे इम्युलेटर, म्हणजे बटणांच्या फोनशिवाय जावा ॲप चालवून दाखवणारे.
- २ जीबीचं मायक्रोएसडी कार्ड आणि कार्ड रीडर. जुन्या फोनांपैकी बरेचसे २ जीबीच्या वरचं कार्ड वाचतच नाहीत. ३२ जीबीचं कार्ड घालून फोनला शिव्या देऊ नका.
- ज्यावर चालवायचं तो खरा फोन. त्याच मॉडेलचा, त्याच्यासारखा दिसणारा नव्हे.

फोन जुन्या बाजारातून, म्हणजे जळगावात गोलाणी मार्केटसारख्या ठिकाणाहून घेत असाल, तर दुकानातच बॅटरी काढून सपाट काचेवर ठेवून फिरवून बघा. भिंगरीसारखी फिरली तर ती फुगलेली आहे. बीएल-५सी बॅटरी सहज मिळते, पण फुगलेली बॅटरी मागून पडदा दाबते आणि दोष सॉफ्टवेअरचा वाटतो.

१. फोनमध्ये जावा आहे का, ते नक्की करा

सगळ्यात जास्त वेळ इथेच वाया जातो. बटणं आहेत म्हणजे जावा आहे, असं नाही. नोकिया ११०० किंवा नोकिया १०५ मध्ये जावा नाहीच. नोकिया ५१३० एक्सप्रेसम्युझिक, २७०० क्लासिक, सी१-०१ हे नोकियाच्या सिरीज ४० या व्यवस्थेचे फोन जावा नीट चालवतात. २०१७ मध्ये नव्या रूपात आलेल्या ३३१० चा घोटाळा तर बघण्यासारखा आहे: त्याच्या २जी आवृत्तीत जावा नाही, ३जी आवृत्तीत आहे. दोन्ही फोन टेबलावर शेजारी ठेवले तर चटकन ओळखू येत नाहीत.

मायक्रोमॅक्स, लावा, कार्बन यांचे मीडियाटेकच्या चिपवरचे कित्येक फोन जावा चालवतात, पण मॉडेलवार फरक आहे. मेनूत ‘जावा’ किंवा ‘जावा सेटिंग्ज’ असं काही दिसतं का बघा. दिसलं तर आत जाऊन कोणतं सिम निवडलं आहे तेही बघून ठेवा, एसएमएस पाठवणाऱ्या ॲपला पुढे त्याची गरज पडते.

फोनमध्ये जावा नसेल तर इथेच थांबा. २०१४ चे नोकिया २२० आणि २२५ यांच्यावर व्हीएक्सपी नावाच्या फाइली चालतात, म्हणून जारचं नाव बदलून व्हीएक्सपी करण्याचा सल्ला फिरत असतो. नाव बदलून आतला माल बदलत नाही. व्हीएक्सपी हे मीडियाटेकच्या एमआरई या वेगळ्या व्यवस्थेचं ॲप, ते सी भाषेत लिहिलेलं असतं. जिओफोनची कायओएस ही तर वेबच्या तंत्रावर चालणारी व्यवस्था. दोन्हीकडे ॲप नव्यानं लिहावं लागतं.

२. ॲप कोणाचं आहे ते पाहा

स्वतःचं, संस्थेनं करून घेतलेलं किंवा मुक्त परवान्याचं असेल तर बदला. दुसऱ्या कोणाचं असेल तर त्याची परवानगी घ्या. एवढंच.

३. जार उघडून मॅनिफेस्ट वाचा

जार म्हणजे झिप फाइलच असते. सेव्हन-झिपनं उघडा. आत ‘मेटा-इन्फ’ नावाचा फोल्डर दिसेल, त्यात ‘मॅनिफेस्ट.एमएफ’. ही ॲपची जन्मपत्रिका. यातल्या सहा ओळी वाचायच्या (मिडलेट म्हणजे फोनवरचं जावा ॲप):

- मिडलेट-नेम, मिडलेट-व्हर्जन, मिडलेट-व्हेंडर: नाव, आवृत्ती, करणारा.
- मिडलेट-१: मेनूतलं नाव, आयकॉनची फाइल आणि सुरुवातीचा क्लास (कोडचा तुकडा, जिथून ॲप सुरू होतं), स्वल्पविरामांनी वेगळे केलेले.
- मायक्रोएडिशन-प्रोफाइल: एमआयडीपी १.० की २.०.
- मायक्रोएडिशन-कॉन्फिगरेशन: सीएलडीसी (एमआयडीपीच्या खालचा जावाचा पाया) १.० की १.१.

शेवटच्या दोन ओळींवर सगळं ठरतं. १.० साठी लिहिलेलं ॲप २.० च्या फोनवर चालतं, उलटं होत नाही. ॲपला २.० हवं असताना मॅनिफेस्टमध्ये खोटंच १.० लिहिलं तर फोन ते चढवून घेईल, पण फोनमध्ये नसलेली गोष्ट ॲपनं मागितली की तिथेच कोसळेल. सीएलडीसीमध्ये फरक दशांशाचा आहे: १.० मध्ये फ्लोट आणि डबल हे दशांश आकड्यांचे प्रकारच नाहीत, १.१ मध्ये आहेत.

आपल्या ‘केळी हिशेब’च्या मॅनिफेस्टमध्ये दोन्ही ठिकाणी १.० आहे. नवा फोन एमआयडीपी २.० चा. म्हणजे चढायला अडचण नाही, दिसण्यात येईल.

आणखी एक बघायचं. ॲपमध्ये ‘कॉम.नोकिया.मिड.यूआय’ या नावाचे क्लास वापरले आहेत का? नोकियानं स्वतःच्या फोनसाठी दिलेल्या या सोयी आहेत, विशेषतः पूर्ण पडद्यासाठीचा ‘फुलकॅनव्हास’. बिगर-नोकिया फोनमध्ये त्या असतीलच असं नाही. नसतील तर ॲप उघडताक्षणी बंद पडतं. एमआयडीपी २.० मध्ये त्याऐवजी साध्या कॅनव्हासला (ज्यावर ॲप स्वतः सगळं रेखाटतं तो कोरा पडदा) ‘सेटफुलस्क्रीनमोड’ आहे, पण ते बदलायला सोर्स लागतो.

४. मॅनिफेस्ट बदलताना

बदल छोटा, पण फोन इथे भलता काटेकोर असतो.

ओळीची लांबी ७२ बाइटच्या वर जाऊ देऊ नका. गेलीच तर पुढची ओळ एक मोकळी जागा सोडून सुरू करा, म्हणजे ती आधीच्या ओळीचा भाग धरली जाते. देवनागरीचं एक अक्षरचिन्ह यूटीएफ-८ मध्ये ३ बाइट खातं आणि काना, मात्रा, वेलांटी वेगळी मोजली जाते. ‘केळी हिशेब’ एवढ्याच नावाचे २८ बाइट होतात.

फाइलच्या शेवटी एंटर मारलेला हवा. नसेल तर शेवटची ओळ वाचलीच जात नाही, आणि ती नेमकी मिडलेट-१ असली तर ‘अवैध ॲप्लिकेशन’ म्हणून फोन हात वर करतो.

विंडोजच्या जुन्या नोटपॅडमध्ये यूटीएफ-८ म्हणून जतन केलं की फाइलच्या सुरुवातीला तीन अदृश्य बाइट येतात. डोळ्यांना दिसत नाहीत, फोनला दिसतात. पहिल्या ओळीचं नाव त्यामुळे बिघडतं. या बाइटांना बॉम म्हणतात; नोटपॅड प्लस प्लसमध्ये बॉम नसलेला यूटीएफ-८ चा पर्याय निवडा.

आता पुन्हा झिप करणं. सगळं बाहेर काढून, मग अख्खा फोल्डर झिप करून नाव जार ठेवलं, तर आत एक जादा फोल्डर तयार होतो आणि फोनला मेटा-इन्फ सापडत नाही. त्यापेक्षा सेव्हन-झिपच्या खिडकीतच मॅनिफेस्टवर एडिट करा आणि जतन करा, बाकी जार जशीच्या तशी राहते. नव्यानं झिप करणं भागच असेल तर पद्धत ‘डिफ्लेट’ ठेवा.

जॅड फाइल असेल तर तिच्यात मिडलेट-जार-साइज या ओळीत जारचा आकार बाइटमध्ये असतो. जारमध्ये एक अक्षर जरी बदललं तरी हा आकडा बदलतो. फाइलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमधला ‘साइज’ घ्या, ‘साइज ऑन डिस्क’ नव्हे. नाव, आवृत्ती आणि व्हेंडर या तीन ओळी जॅडमध्ये आणि मॅनिफेस्टमध्ये अक्षरशः सारख्या हव्यात. जॅडमध्ये मिडलेट-जार-आरएसए-एसएचए१ आणि मिडलेट-सर्टिफिकेट अशा ओळी असतील तर त्या पूर्ण काढा. ती जारची डिजिटल सही असते, आणि जार बदलल्यावर जुनी सही खोटी ठरते. कार्डावरून चढवायचं असेल तर जॅडची गरजच नसते. नुसती जार न्या, निम्मे त्रास कमी होतात.

५. पडदा आणि बटणं

‘केळी हिशेब’ नव्या फोनवर उघडलं की डाव्या वरच्या कोपऱ्यात १२८ × १२८ चा चौकोन दिसतो, बाकी पडदा पांढरा. कारण कोडमध्ये १२८ हा आकडा थेट लिहिलेला आहे. सोर्स असेल तर तिथे ‘गेटविड्थ’ आणि ‘गेटहाइट’ विचारून घ्या, आणि ओळींच्या जागा फॉन्टच्या उंचीवरून काढा. सोर्स नसेल तर फक्त पार्श्वभूमीचं चित्र मोठं करून दिसण्यात थोडी सुधारणा होते. मजकुराची जागा तीच राहते.

ॲप कॅनव्हासवर न काढता ‘फॉर्म’वर, म्हणजे फोनच्या तयार रकान्यांवर बांधलेलं असेल तर नशीब समजा. फॉर्म स्वतःच पडद्याइतका पसरतो. हिशेबाच्या ॲपला फॉर्मच बरा. दिसायला साधा, पण पुढच्या फोनवरही चालेल.

चित्र बदलताना पीएनजी ठेवा, इंटरलेस बंद करा. फाइलचा आकार लहान म्हणून निश्चिंत राहू नका. २४० × ३२० चं चित्र कार्डावर ९ केबीचं असेल, पण मेमरीत उघडल्यावर दर ठिपक्याला २ बाइट धरले तरी १,५३,६०० बाइट लागतात, म्हणजे बरोबर १५० केबी. अशी चार चित्रं एकदम उघडली की लहान फोन कोलमडतो. एक चित्र उघडा, काम झालं की सोडा. जारच्या आकारालाही मर्यादा असते. सिरीज ४० च्या सुरुवातीच्या फोनांवर ती ६४ केबी होती.

रंगांचं काय? करड्यावर पांढरं लिहिलेलं फैजपूरच्या दुपारी दोनच्या उन्हात कोणालाही वाचता येणार नाही. पांढऱ्यावर काळं ठेवा. आकडे फॉन्टच्या ‘लार्ज’ आकारात.

बटणांचा घोळ वेगळाच. पडद्याखालच्या डाव्या-उजव्या बटणांचे क्रमांक कंपनीवार बदलतात: नोकियाला उणे ६ आणि उणे ७, मोटोरोलाला उणे २१ आणि उणे २२. कोडमध्ये हे आकडे थेट लिहिलेले असतील तर दुसऱ्या फोनवर ‘ओके’ दाबूनही काही होत नाही. त्याजागी ‘कमांड’ वापरा, कोणतं बटण कुठलं ते फोन स्वतः ठरवतो. वर-खाली जाण्यासाठी ‘गेटगेमॲक्शन’.

६. मराठी अक्षरं

इम्युलेटरवर मराठी सुरेख दिसतं, कारण तिथे संगणकाचा फॉन्ट असतो. फोनवर फोनचाच फॉन्ट. भारतात विकलेल्या, हिंदी मेनू असलेल्या फोनांत देवनागरी बहुतेक चालते, पण तीही हिंदीपुरती.

फोनवर आधी हा एकच मजकूर दाखवून बघा: ‘केळी, शेतकऱ्याचे, ॲप, र्‍हास, क्विंटल, ₹’. यातलं काय मोडतं त्यावरून पुढचं ठरतं.

‘ॲ’ हे अक्षर युनिकोडमध्ये २००८ साली आलं. त्याआधीच्या फॉन्टात ते असणारच नाही, चौकट दिसेल. ‘₹’ हे चिन्ह आपल्याकडे ठरलंच २०१० मध्ये, म्हणून सरळ ‘रु.’ लिहा. ‘ऱ्या’ मधला अर्धा र हिंदीत लागत नाही, त्यामुळे ‘शेतकऱ्याचे नाव’ हमखास फिसकटतं. ‘शेतकरी’ एवढंच लिहा, जागाही वाचते. ‘ळ’ बहुतेक ठिकाणी दिसतो, पण आपल्या ॲपचं नावच केळी असल्यामुळे तो तपासल्याशिवाय पुढे जाऊ नका.

जोडाक्षरं फुटत असतील, म्हणजे ‘क्विंटल’चं पाय मोडलेलं ‘क् विंटल’ होत असेल, किंवा ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या मागे जात असेल, तर दोन वाटा आहेत. एक, जोडाक्षर टाळणारे शब्द निवडा: ‘क्विंटल’ऐवजी ‘क्वि.’ करण्यापेक्षा रकान्याचं नाव ‘१०० किलोचा भाव’ ठेवा. दोन, ठरलेली नावं संगणकावर लिहून त्यांची छोटी पीएनजी चित्रं करा आणि तीच दाखवा. आपल्या ॲपमध्ये अशी जेमतेम वीस नावं आहेत. १६ ठिपके उंचीची, दोनच रंगांची पट्टी केली की वीस नावं मिळून काही केबीत बसतात. फॉन्टच नसलेल्या फोनवर हाच मार्ग.

नावं ठरवताना वापरणारा कोण ते बघा. रावेर-यावलकडे लेवा गणबोली, धुळ्याकडे अहिराणी. ‘परिमाण प्रविष्ट करा’ दोन्हीकडे चालत नाही. ‘वजन’, ‘भाव’, ‘रक्कम’ सगळीकडे चालतं. अहिराणीत ‘वजन कितलं?’ असं ठेवलंत तर धुळ्याचा माणूस हसेल, पण चुकणार नाही.

कंपाइल करताना, म्हणजे सोर्सच्या क्लास फाइली करताना (पायरी ८), ‘एन्कोडिंग यूटीएफ-८’ हा पर्याय द्यायचा. विंडोजवर तो दिला नाही तर सगळं मराठी विचित्र खुणांमध्ये बदलतं आणि दोष फोनच्या फॉन्टवर जातो.

७. हिशेब तपासा

ॲप उघडलं, मराठी दिसलं, म्हणजे झालं असं समजून लोक इथेच फसतात. जुन्या ॲपांमध्ये दशांश नसल्यामुळे वजन ग्रॅममध्ये आणि पैसे पैशांत, पूर्णांक म्हणून धरलेले असतात. पद्धत चांगली आहे, पण ‘इंट’ या पूर्णांकाच्या प्रकारात २१४ कोटी ७४ लाख ८३ हजार ६४७ च्या पुढचा आकडा मावत नाही, आणि मावला नाही तर तो ओरडतही नाही.

उदाहरण करून पाहू. माल १०,००० किलो, भाव क्विंटलला १,८०० रुपये धरा. शंभर क्विंटल, म्हणजे १,८०,००० रुपये. ॲपमध्ये हेच १,००,००,००० ग्रॅम गुणिले १,८०,००० पैसे, भागिले १,००,००० ग्रॅम. मधला गुणाकार १.८ लाख कोटी होतो. तो इंटमध्ये कापला जातो, उरतात ४०,८७,०२,९७६, आणि भागाकारानंतर पडद्यावर येतं: ४० रुपये ८७ पैसे.

हा आकडा बघून कोणीही चूक ओळखेल. धोका अधल्यामधल्या वजनांचा आहे, जिथे चुकलेलं उत्तरही खरं वाटतं. गुणाकार ‘लाँग’ या मोठ्या पूर्णांकाच्या प्रकारात करा; तो सीएलडीसी १.० मध्येही आहे. दोन्हींपैकी एक आकडा गुणाकाराआधीच लाँग करायचा. उत्तर आल्यावर लाँग करून उपयोग नाही. सोर्स नसेल आणि हा दोष दिसला तर ते ॲप सोडून द्या. पैशाच्या हिशेबात ‘लहान मालाला बरोबर येतं’ हे उत्तर नाही.

वजनाच्या रकान्याचीही गंमत आहे. एमआयडीपी १.० मध्ये आकड्यांच्या रकान्यात दशांशचिन्ह टाकता येत नाही, २.० मध्ये ‘डेसिमल’ आहे. १.० च्या फोनवर किलो आणि ग्रॅम असे दोन रकाने ठेवा.

८. सोर्सवरून पुन्हा बांधणी

इथे क्रम पाळा.

पहिलं, कंपाइल. जेडीके ८ चा जावासी वापरा; ९ आणि त्यापुढच्या आवृत्त्यांनी इतकी जुनी टार्गेट सोडून दिली आहेत. सोर्स १.३, टार्गेट १.३ (कोड आणि क्लास फाइल जावाच्या कोणत्या आवृत्तीची ते सांगणारे पर्याय). ‘बूटक्लासपाथ’मध्ये टूलकिटच्या लिब फोल्डरमधल्या सीएलडीसीएपीआय आणि एमआयडीपीएपीआय या जार द्या. आपल्या ॲपला हव्या त्याच आवृत्तीच्या द्या. जास्त वरच्या दिल्या तर फोनमध्ये नसलेली सोय चुकून वापरली जाते आणि कंपायलर गप्प राहतो.

टार्गेट १.५ किंवा वर ठेवलं तर काय होतं? दोन शब्द अधिकच्या चिन्हानं जोडले की कंपायलर त्यासाठी ‘स्ट्रिंगबिल्डर’ वापरतो. तो फोनमध्ये नाही, तिथे फक्त ‘स्ट्रिंगबफर’ आहे. म्हणजे ‘रक्कम’ या शब्दापुढे आकडा जोडण्याच्या ओळीवर ॲप पडतं. पण त्याआधीच क्लास फाइलची आवृत्ती बघून फोन तिला नाकारण्याची शक्यता जास्त.

दुसरं, प्रीव्हेरिफाय. फोनची ताकद कमी, म्हणून क्लास फाइलची तपासणी निम्मी संगणकावर करून तिच्यात खुणा ठेवायच्या असतात. या खुणा नसलेली जार संगणकावरच्या आणि अँड्रॉइडवरच्या बहुतेक इम्युलेटरवर बिनतक्रार चालते, आणि खऱ्या फोनवर ‘अवैध’ म्हणून परत येते. ‘लोडरवर तर चालतंय’ असं म्हणत लोक फोनच बदलतात. दोष याच पायरीचा असतो. टूलकिटमध्ये प्रीव्हेरिफाय नावाचं साधन आहे. प्रोगार्डला ‘मायक्रोएडिशन’ हा पर्याय दिला तर तोही हेच करतो. पहिल्या वेळी प्रोगार्डमध्ये ‘डोंटश्रिंक’, ‘डोंटऑप्टिमाइझ’ आणि ‘डोंटऑबफस्केट’ हे तिन्ही लावा. सगळं चाललं की मग श्रिंक सुरू करा. तेव्हा सुरुवातीचा मिडलेट क्लास ‘कीप’मध्ये लिहायला विसरू नका, नाहीतर प्रोगार्ड त्यालाच बिनकामाचा समजून काढून टाकतो.

तिसरं, जार. क्लास, चित्रं आणि मॅनिफेस्ट एकत्र. फाइलींची नावं लहान-मोठ्या लिपीसह जशीच्या तशी हवीत. विंडोजला फरक पडत नाही, फोनला पडतो.

९. फोनवर चढवणं

कार्ड फॅट किंवा फॅट३२ मध्ये फॉरमॅट करा, जार कार्डावर ठेवा, फोनच्या फाइल मॅनेजरमधून किंवा गॅलरीतून उघडा. ब्लूटूथनं पाठवलेली जार काही फोन घेतच नाहीत. फाइलचं नाव लहान ठेवा, इंग्रजी अक्षरांत, मोकळी जागा न सोडता. विंडोज फाइलच्या नावाचं शेपूट (एक्स्टेन्शन) लपवत असेल तर ‘हिशेब.जार.झिप’ असं झालेलं कळत नाही, ते आधी उघड करा.

सही नसलेलं ॲप दर वेळी परवानगी विचारतं. ॲपच्या पर्यायांत ‘पहिल्या वेळीच विचारा’ मिळालं तर निवडा. एसएमएससाठी काही फोन हा पर्याय देतच नाहीत.

नेट लागणारं ॲप असेल तर अपेक्षा कमी ठेवा. जावाच्या काळातले फोन आजच्या सुरक्षित संकेतस्थळांशी बोलू शकत नाहीत, त्यांच्यातली प्रमाणपत्रंही कालबाह्य झाली आहेत. जिओला २जी जाळं नाही, म्हणून ते सिम अशा फोनात चालत नाही. धडगाव, तोरणमाळकडे तर रेंजचाच भरवसा नसतो. एसएमएस मात्र पोचतो. ॲपमधून हिशेब पाठवताना पत्त्यात पोर्ट क्रमांक लावू नका. लावला तर संदेश समोरच्याच्या इनबॉक्समध्ये न दिसता त्या पोर्टवरच्या ॲपला शोधत राहतो. मराठीत एका संदेशात ७० अक्षरचिन्हं मावतात, इंग्रजीत १६०. ‘नवती १०००० किलो भाव १८०० रु. १८००००’ आरामात बसतं.

१०. फोन आकडा दाखवतो तेव्हा

वेबवरून जॅडनं चढवताना अडलं तर कधी कधी तीन अंकी आकडा दिसतो. तो शुभशकुन समजा, कारण नुसत्या ‘चढवता आलं नाही’ पेक्षा तो बरंच सांगतो.

- ९०१: जागा कमी. जुनी गाणी काढून उपयोग नाही, काही फोनांत ॲपची जागा वेगळी असते.
- ९०४: जॅडमधला आकार आणि जारचा आकार जुळत नाही.
- ९०५: नाव, आवृत्ती किंवा व्हेंडर जुळत नाही.
- ९०६: जॅड बिघडलेली.
- ९०७: जार बिघडलेली.
- ९०८: फोनला हे प्रोफाइल किंवा कॉन्फिगरेशन चालत नाही.
- ९०९: सही खोटी. पायरी ४ मधल्या ओळी काढायच्या राहिल्या.
- ९१०: ॲप मागत असलेली परवानगी फोन देत नाही.

आकडा न दाखवता चढलं आणि उघडताच बंद पडलं, तर मिडलेट-१ मधल्या क्लासचं नाव आधी बघा, मग नोकियाचे क्लास, मग चित्रांची मेमरी. याच क्रमानं.

११. नोंदी जपा

ॲप आपल्या नोंदी ‘आरएमएस’ नावाच्या जागेत ठेवतं. ही जागा कार्डावर दिसत नाही, फाइल मॅनेजरला सापडत नाही. ॲप काढलं की तीही जाते. हंगामभराचा हिशेब असलेल्या फोनवरून ‘जुनं काढू, नवं टाकू’ म्हटलं की सगळं गेलं.

काढू नका, वरून चढवा. त्यासाठी नव्या जारमध्ये नाव आणि व्हेंडर अगदी पूर्वीचेच हवेत आणि आवृत्ती वरची हवी, १.०.० असेल तर १.०.१. मग फोन ‘जुन्या नोंदी ठेवायच्या का’ असं विचारतो किंवा न विचारता ठेवतो. हौसेनं नाव बदलून ‘केळी हिशेब नवा’ केलंत, किंवा व्हेंडरच्या जागी स्वतःचं नाव घातलंत, तर फोनच्या लेखी ते दुसरंच ॲप. मेनूत दोन दिसतील, नवं रिकामं.

सोर्स हाती असेल तर जुन्या फोनसाठी आधी एक मधली आवृत्ती करा. तिच्यात एकच भर: प्रत्येक नोंद एका ओळीत, एसएमएसनं पाठवण्याचं बटण. ती जुन्यावर चढवा, नोंदी बाहेर काढा, कागदाशी ताडून बघा, आणि मगच नवी जार चढवा. सोर्स नसेल तर वही-पेन घेऊन बसा. दोनशे नोंदींना एक दुपार जाते.